माउंटस्टुअर्ट : एका इंग्रजी नांवाची कुळकथा

कोणी आपलें आडनांव ‘ओतूरकर’ असें सांगितलें, तर त्याचा अर्थ कोणाला विचारावा लागत नाहीं. जुन्नर तालुक्यांत मांडवी नदीच्या कांठीं जें ओतूर गांव आहे, जेथें कपर्दिकेश्वराचें देवालय आहे आणि जेथें तुकोबांचे गुरु बाबाजी चैतन्य यांची समाधि परंपरेनें पूजिली जाते, त्या गांवांतून या गृहस्थाचा कोणी पूर्वज केव्हां तरी बाहेर पडला, आणि परगांवच्या लोकांनीं त्याला त्याच्या गांवावरून हांक मारण्यास सुरुवात केली, एवढा इतिहास त्या पांच अक्षरांत सामावलेला आहे. गांवांतच राहणाराला सहसा गांवाचें नांव लागत नाहीं. तें लागतें गांव सोडणाराला. ओतुरांत सगळेच ओतूरचे. तेथें ओतूरकर म्हणून कोणाची ओळख पटणार? नीरेकांठच्या होळ गांवाचें नांव माळव्यांत राज्य करणाऱ्या होळकरांनीं अमर केलें, तें याच न्यायानें.

आपल्या आडनांवांचा दुसरा मोठा वर्ग हुद्द्यांवरून पडलेला आहे. देशमुख, कुळकर्णी, चिटणीस, फडणीस, पोतनीस हीं सारीं एके काळीं कामाचीं नांवें होतीं. काम वंशपरंपरा चालूं लागलें आणि नांवहि वंशाला चिकटलें. पुढें काम गेलें, पण नांव राहिलें.

मात्र पाळण्यांत ठेवण्याच्या नांवाची गोष्ट अगदीं वेगळी. बारशाच्या दिवशीं कोणी आपल्या मुलाचें नांव ‘ओतूर’ असें ठेवीत नाहीं, कीं ‘फडणीस’ असेंहि ठेवीत नाहीं. तेथें आपण देवाचें, आजोबांचें, नाहीं तर नवसाचें नांव घेतों. ओतुराहून फार दूर नाहीं अशा शिवनेरी किल्ल्यावर शिवाई देवीचें ठाणें आहे. तिच्यावरून शिवाजी महाराजांचें नांव ठेवलें गेलें, अशी परंपरा आहे. त्यांच्या वडिलांचें शहाजी हें नांव आणि चुलत्यांचें शरीफजी हें नांव अहमदनगरच्या शहा शरीफ या पीराच्या नवसावरून आलें, असें बखरकार सांगतात. गांव आणि हुद्दा हे आडनांवाच्या वाट्याला, देव आणि पूर्वज हे नांवाच्या वाट्याला, अशी आपली जणूं कायमची वांटणी झालेली आहे.

श्रोतेहो, आज ज्या इंग्रजी नांवाची कुळकथा सांगावयाची आहे, त्यानें ही वांटणी सर्वस्वीं मोडली आहे. त्यांत हुद्दाहि आहे, जागाहि आहे, आणि तरीहि तें पाळण्यांत ठेवलेलें नांव आहे. तें नांव म्हणजे ‘माउंटस्टुअर्ट’. इंग्रजांतहि तें दुर्मिळच. परंतु ज्या फार थोड्या माणसांनीं तें धारण केलें, त्यांतला सर्वांत प्रसिद्ध माणूस महाराष्ट्राच्या इतिहासांत असा कांहीं गुंतलेला आहे, कीं हें नांव कोणा दूरच्या परक्याचें आहे असें मानून आपल्याला सोडून देतां येत नाहीं. १८११ पासून पुण्याच्या दरबारीं इंग्रजांचा रेसिडेंट, पेशवाई बुडाल्यावर १८१८ मध्यें दख्खनचा कमिशनर, आणि १८१९ ते १८२७ पर्यंत मुंबईचा गव्हर्नर असलेला एल्फिन्स्टन तो हाच. एल्फिन्स्टनसाहेब म्हटलें, कीं शिकलेल्या घरांत सर्वांच्या माना डोलतात. पण त्यांचें पाळण्यांतलें नांव विचारलें, तर बहुतेक जण अडखळतात. आणि या अडखळण्यामुळें इतिहासाचा किती घोटाळा होतो, तें आपण पुढें पाहणारच आहों.

प्रथम नांवाचा अर्थ पाहूं. ‘स्टुअर्ट’ हा मूळचा हुद्दा. जुन्या इंग्रजींत ‘स्टिग्’ म्हणजे घर किंवा घराचा दिवाणखाना, आणि ‘वेअर्ड’ म्हणजे राखणदार. दोन्ही मिळून ‘स्टिग्‌वेअर्ड’, म्हणजे धन्याच्या वाड्याची व्यवस्था पाहणारा कारभारी. आजहि जहाजावर किंवा क्लबांत जेवणाखाण्याची व्यवस्था पाहणाऱ्याला इंग्रजींत ‘स्ट्यूअर्ड’ म्हणतात, तो हाच शब्द. या शब्दाची एक खवचट व्युत्पत्तिहि लोकांत फिरत असते. ‘स्टाय’ म्हणजे डुकरें कोंडण्याची जागा; तेव्हां स्टुअर्ट म्हणजे डुकरांचा राखणदार, असें हंसत हंसत सांगण्यांत येतें. परंतु इंग्रजी कोशकारांनीं तिला कांहीं आधार नसल्याचें स्पष्ट नमूद केलें आहे. मोठ्या घराण्याचें मूळ हलकें निघालें, तर ऐकणाराला बरें वाटतें. अशा व्युत्पत्त्या टिकून राहतात त्या त्यामुळें.

बाराव्या शतकांत स्कॉटलंडचा राजा पहिला डेव्हिड यानें वॉल्टर नांवाच्या एका सरदाराला आपल्या राजवाड्याचा मुख्य कारभारी नेमलें. वॉल्टरचें घराणें मूळचें फ्रान्सच्या वायव्येकडील ब्रिटनी प्रांतांतलें. हा हुद्दा त्याच्या वंशांत कायम झाला, आणि हुद्द्याचेंच आडनांव झालें. आपल्याकडे चिटणिसांचें झालें अगदीं तसेंच. पण पुढें जें घडलें, तें आपल्या चिटणिसांच्या बाबतींत घडलें नाहीं. या कारभाऱ्यांपैकीं सहाव्याचें लग्न १३१५ मध्यें राजा रॉबर्ट ब्रूस याच्या कन्येशीं झालें. आणि त्या दोघांचा मुलगा १३७१ मध्यें दुसरा रॉबर्ट या नांवानें स्कॉटलंडच्या गादीवर बसला. ज्यांचे पूर्वज राजाच्या वाड्याची राखण करीत होते, ते स्वतःच त्या वाड्याचे धनी झाले. मात्र आडनांव कारभाऱ्याचेंच राहिलें.

मराठी वाचकाला येथें पेशव्यांची आठवण झाल्यावांचून राहणार नाहीं. पेशवा हाहि मूळचा हुद्दाच. १७१३ मध्यें तो बाळाजी विश्वनाथ भटांकडे आला, त्यांच्या वंशांत राहिला, आणि पुढें लोक त्या घराण्याला भट म्हणून नव्हे, तर पेशवे म्हणूनच ओळखूं लागले. फरक एवढाच, कीं पेशव्यांच्या हातीं सारी सत्ता आली तरी ती त्यांनीं छत्रपतींचे सेवक या नात्यानेंच चालविली. स्टुअर्टांनीं मात्र मुकुट आपल्याच मस्तकावर चढविला.

या राजवंशांतील राणी मेरी ही लहानपणींच, १५४८ मध्यें, फ्रान्सला गेली आणि तेथेंच वाढली. फ्रेंच लिहिण्यांत डब्ल्यू या अक्षराचा उपयोग जवळजवळ नाहींच. त्यामुळें तिच्या कुळनांवांतलें डब्ल्यू गळून त्याच्या जागीं यू आलें. तेव्हांपासून एकाच नांवाचीं दोन रूपें चालत आलीं आहेत : जुनें डब्ल्यूचें आणि नवें यूचें. राजघराण्यानें नवें रूप पसंत केलें. १६०३ मध्यें या घराण्याकडे इंग्लंडची गादीहि आली, आणि १७१४ मध्यें ॲन राणीच्या मृत्यूबरोबर त्यांचें राज्य संपलें.

आतां नांवाचा पूर्वार्ध. ‘माउंट’ म्हणजे टेकडी किंवा डोंगर. स्कॉटलंडच्या पश्चिम किनाऱ्याला ब्यूट नांवाचें एक लहानसें बेट आहे. दुसऱ्या रॉबर्ट राजाच्या एका अनौरस पुत्राचा वंश तेथें नांदत आला. या घराण्यानें अठराव्या शतकाच्या आरंभीं त्या बेटावर एक वाडा बांधला आणि त्याला ‘माउंट स्टुअर्ट’ असें नांव दिलें. तो वाडा १८७७ मध्यें आगींत सांपडला. पुढें त्याच ठिकाणीं दुसरा भव्य वाडा उभारण्यांत आला. हेंच नांव घराण्याच्या मानाच्या पदवींतहि आलें, आणि ब्यूटच्या अर्लाच्या वडील मुलाला लॉर्ड माउंटस्टुअर्ट म्हणण्याचा प्रघात पडला.

या घराण्याची एक खूण आपल्या डोंगरांतहि आहे. तिसरा अर्ल ऑफ ब्यूट १७६२-६३ मध्यें ब्रिटनचा मुख्य प्रधान होता. राजकारणांत त्याला फारसें यश आलें नाहीं. पण वनस्पतिशास्त्राचा तो मोठा आश्रयदाता होता. शास्त्रज्ञांनीं त्याच्या स्मरणार्थ एका वृक्षवंशाला ‘ब्यूटिया’ असें नांव दिलें, आणि त्या वंशांतला आपल्या ओळखीचा वृक्ष म्हणजे पळस. फाल्गुनांत जुन्नर-आंबेगांवच्या माळांवर जो पळस पेटलेला दिसतो, त्याच्या शास्त्रीय नांवांत त्या दूरच्या बेटाचें नांव असें बसलेलें आहे.

हुद्द्याचें आडनांव झालें. आडनांवावरून वाड्याचें नांव पडलें. तेंच नांव पदवींतहि आलें. आणि शेवटीं ती पदवी एका मुलाच्या पाळण्यांत जाऊन पडली. स्कॉटलंडमधील वरिष्ठ घराण्यांत एखाद्या मान्य कुळाचें आडनांव किंवा पदवी मुलाचें पहिलें नांव म्हणून ठेवण्याची चाल होती. अकरावा लॉर्ड एल्फिन्स्टन याच्या चौथ्या मुलाचा जन्म ६ ऑक्टोबर १७७९ रोजीं झाला, तेव्हां त्याचें नांव माउंटस्टुअर्ट असें ठेवण्यांत आलें. ‘एल्फिन्स्टन’ हेंहि मूळचें एडिंबरोच्या पूर्वेकडील एका खेड्याचें नांव. म्हणजे नांव वाड्यावरून आणि आडनांव गांवावरून. आपल्याकडे एखाद्याचें नांव ‘शिवनेर ओतूरकर’ असें ठेवावें, तसाच हा प्रकार.

मात्र ‘स्टुअर्ट’ हें नांव एल्फिन्स्टनच्या आधींच महाराष्ट्रांत येऊन पोहोंचलें होतें, आणि येथल्या लोकांनीं तें आपल्या पद्धतीनें घडवूनहि घेतलें होतें. ज्या १७७९ सालीं एल्फिन्स्टन जन्मला, त्याच सालच्या जानेवारींत मुंबईकर इंग्रजांची फौज रघुनाथरावांना पेशवेपदावर बसविण्याकरितां बोरघाट चढून पुण्यावर चालून येत होती. त्या फौजेंत जेम्स स्टुअर्ट नांवाचा एक कप्तान होता. ४ जानेवारीला कार्ल्याजवळ मराठ्यांच्या तोफेचा गोळा लागून तो ठार झाला. पुढें थोड्याच दिवसांत इंग्रजांचा पुरता कोंडमारा होऊन त्यांना वडगांवचा तह करावा लागला. हा कप्तान शत्रुपक्षाचा. पण त्याचा बेडरपणा मराठ्यांच्या नजरेंत भरला, आणि त्यांनीं त्याला ‘इष्टूर फाकडा’ म्हणण्यास सुरुवात केली. फाकडा म्हणजे ऐटदार, निधड्या छातीचा वीर. मानाजी शिंद्यांसारख्या आपल्या नामांकित सरदाराला जो किताब लोकांनीं बहाल केला होता, तोच त्यांनीं या परक्यालाहि दिला. ग्रँट डफनें आपल्या इतिहासांत या लौकिकाची नोंद घेतली आहे. मावळांत वडगांव येथें त्याचें स्मारक असून, आजूबाजूचे लोक त्याला देवस्थानासारखा मान देतात.

‘स्टुअर्ट’चें ‘इष्टूर’ कसें झालें, हें मराठी कानाला समजावून सांगावयास नको. शब्दाच्या आरंभींचा ‘स्ट’ उच्चारण्यास अवघड जातो, म्हणून जिभेनें आधीं एक ‘इ’ घेतली. स्टांपाचें इष्टांप आणि स्कुलाचें इस्कूल झालें, तें याच रीतीनें. शेवटचा ‘ट’ गळाला, आणि उरलेल्या शब्दाला ओतूर-लातुरासारखा ओळखीचा शेवट आला. एका परक्या दरबारचा हुद्दा मावळांत येऊन एखाद्या गांवाच्या नांवासारखा वाजूं लागला. इंग्रजी शब्दांची अशी मोडतोड झाली, कीं शिकलेलीं माणसें हंसतात. पण ‘इष्टूर’ हा बिघडलेला शब्द नव्हे. लोकांनीं जवळ केलेला शब्द आहे. जें नांव माणसें आपलें म्हणतात, तेंच तीं आपल्या जिभेप्रमाणें वळवितात.

माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनच्या वाट्याला असा लोकांनीं दिलेला किताब आला नाहीं. त्याची कीर्ति वेगळ्या मार्गानें राहिली. तो सोळा-सतरा वर्षांचा असतांना, १७९६ मध्यें, हिंदुस्थानांत आला. ५ नोव्हेंबर १७१७ नव्हे, तर बरोबर शंभर वर्षांनंतर १८१७ मध्यें त्याच तारखेस खडकीची लढाई झाली. तींत संगमावरची त्याची रेसिडेन्सी जळाली, आणि तिच्याबरोबर त्याचे ग्रंथ व कागदपत्रहि जळाले. पेशव्यांचें राज्य खालसा करणारा तोच, आणि जिंकलेल्या मुलुखाविषयीं १८१९ मध्यें अहवाल लिहितांना येथील गांवगाडा हें एक लहानसें राज्यच आहे, असा अभिप्राय देऊन त्याची घडी एकाएकीं मोडूं नये असें बजावणाराहि तोच. जेत्याच्या ठिकाणीं जितांच्या व्यवस्थेविषयीं आदर असूं शकतो. पण त्या आदरानें जिंकणें पुसलें जात नाहीं. या दोन्ही गोष्टी एकदम ध्यानांत ठेवल्या, तरच या माणसाचें माप नीट घेतां येतें.

१८२७ मध्यें तो मुंबई सोडून निघाला, तेव्हां लोकांनीं दोन लाख रुपयांहून अधिक वर्गणी जमविली, आणि तींतून त्याच्या नांवानें शिक्षणसंस्था उभी राहिली. तीच पुढें एल्फिन्स्टन कॉलेज झाली. दादाभाई नौरोजी, महादेव गोविंद रानडे, रामकृष्ण गोपाळ भांडारकर, आणि विसाव्या शतकांत डॉ. भीमराव आंबेडकर, हे सारे त्या संस्थेंत शिकले. परंतु संस्थेच्या नांवांत आलें तें आडनांव. माउंटस्टुअर्ट हा भाग मागेंच राहिला.

तो भाग जपला एका मराठ्यांच्या इतिहासकारानें. जेम्स ग्रँट डफ हा एल्फिन्स्टनच्या हाताखालचा अधिकारी. १८१८ ते १८२२ पर्यंत तो साताऱ्यास छत्रपतींच्या दरबारीं होता. स्वदेशीं परतल्यावर १८२६ मध्यें त्यानें मराठ्यांचा इतिहास तीन खंडांत प्रसिद्ध केला. १८२९ मध्यें त्याला मुलगा झाला, तेव्हां त्यानें आपल्या जुन्या वरिष्ठाचें सगळेंच नांव त्या मुलाला दिलें : माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन ग्रँट डफ. एल्फिन्स्टन तेव्हां हयात होता. त्याचा मृत्यु झाला तो १८५९ मध्यें. हा मुलगा मोठेपणीं पार्लमेंटाचा सभासद झाला आणि १८८१ ते १८८६ पर्यंत मद्रासचा गव्हर्नर होता. तेथल्या समुद्रकांठच्या रस्त्याला ‘मरीना’ हें नांव त्यानेंच दिलें, आणि तें आजहि चालू आहे. ज्याचें स्वतःचें नांव उसनें, त्यानें दिलेलें नांव एवढें टिकावें, हा एक योगच म्हणावयाचा.

अशी दुसरी गोष्ट जेम्स मिलची. त्याचा ब्रिटिश हिंदुस्थानचा इतिहास १८१७ च्या सुमारास बाहेर पडला. त्याच्या शिक्षणाला स्कॉटलंडमधील सर जॉन स्टुअर्ट या गृहस्थांचा आधार मिळाला होता. त्या उपकाराची आठवण म्हणून १८०६ मध्यें जन्मलेल्या आपल्या मुलाचें नांव त्यानें जॉन स्टुअर्ट असें ठेवलें. आपल्याकडील सुधारकांनीं ज्याचे ग्रंथ आवडीनें वाचले, तो तत्त्ववेत्ता जॉन स्टुअर्ट मिल तो हाच. आपल्या देशाचा इतिहास लिहिणाऱ्या दोन स्कॉच गृहस्थांनीं आपापल्या मुलांच्या नांवांत उपकारकर्त्याला स्थान दिलें, आणि दोन्ही नांवांत तोच जुना वाड्याचा कारभारी येऊन बसला! आपण मुलाला आजोबांचें नांव देतों, तें कुळाचें ऋण फेडण्यासाठीं. यांनीं दिलें तें कुळाबाहेरचें ऋण फेडण्यासाठीं. चाल वेगळी, पण भावना परकी नव्हे.

आतां ज्या घोटाळ्याचा मघां उल्लेख केला, त्याकडे वळूं. हिंदुस्थानच्या इतिहासांत एकोणिसाव्या शतकांत तीन एल्फिन्स्टन एकामागून एक येतात. पहिला हा माउंटस्टुअर्ट. दुसरा त्याचा चुलतभाऊ विल्यम. १८४२ मध्यें काबुलाहून परततांना जी इंग्रजी फौज नाश पावली, तिचा तो सेनापति. तिसरा माउंटस्टुअर्टचा पुतण्या जॉन, म्हणजे तेरावा लॉर्ड एल्फिन्स्टन; तो १८५३ ते १८६० पर्यंत मुंबईचा गव्हर्नर होता. त्याच्याच कारकीर्दींत माथेरान वसूं लागलें आणि १८५७ मध्यें मुंबई विद्यापीठ स्थापन झालें. मुंबईचा एल्फिन्स्टन रोड आणि एल्फिन्स्टन सर्कल हीं नांवें या पुतण्याचीं. सर्कलाला स्वातंत्र्यानंतर संपादक हॉर्निमन यांचें नांव देण्यांत आलें, आणि एल्फिन्स्टन रोड स्थानकाचें नांव २०१८ मध्यें प्रभादेवी असें झालें.

ह्या नामांतराच्या वेळीं अनेकांची समजूत अशी झाली, कीं पेशवाई बुडविणाऱ्या एल्फिन्स्टनचें नांव निघालें. आणि दुसऱ्या बाजूच्या कांहींना वाटलें, कीं शिक्षणाचा पाया घालणाऱ्या एल्फिन्स्टनचा विसर पडला. हर्ष करणारे आणि हळहळणारे, दोघेहि एकाच चुकीच्या माणसाविषयीं बोलत होते. निघालें तें पुतण्याचें नांव. चुलत्याचें नांव कॉलेजावर होतें तसेंच आहे. तसेंच, १८०९ मध्यें पेशावरास काबुलच्या शहाची भेट घेऊन त्या देशाविषयीं ग्रंथ लिहिणारा एल्फिन्स्टन एक, आणि काबुलांत फौज गमावणारा दुसरा. पण पहिलें नांव सोडून दिलें, कीं एकाचें यश आणि दुसऱ्याची नामुष्की एकाच खात्यावर जमा होते.

रस्त्याचें किंवा स्थानकाचें नांव ठेवावें कीं बदलावें, हें ठरविण्याचा अधिकार ज्या त्या पिढीला आहे, आणि तो ती वापरणारच. परंतु नांव ठेवतांना अथवा काढतांना तें कोणाचें आहे, एवढें तरी नक्की ठाऊक असलें पाहिजे. आडनांव हें घराण्याचें असतें. त्यांत चुलता, पुतण्या आणि चुलतभाऊ सारे एकत्र नांदतात. माणूस वेगळा ओळखूं येतो तो पाळण्यांतल्या नांवानें. बाजीराव म्हटल्यावर पहिला कीं दुसरा हें आपण विचारतों. न विचारलें, तर पालखेडचा विजय आणि ब्रह्मावर्ताचा वनवास एकाच माणसाच्या पदरीं पडेल. तोच प्रश्न परक्यांच्या बाबतींतहि विचारण्याची संवय आपण लावून घेतली पाहिजे. मुलांच्या पाठ्यपुस्तकांत, दगडी पाटीवर किंवा वर्तमानपत्रांत ‘एल्फिन्स्टन’ एवढेंच दिसलें, तर ‘कोणता?’ असें विचारावें. आणि उत्तर माउंटस्टुअर्ट असें आलें, तर त्या एका शब्दामागें स्कॉटलंडच्या राजवाड्याचा कारभारी, ब्यूट बेटावरची टेकडी, आपल्या माळावरचा पळस आणि मावळांतला इष्टूर फाकडा अशी केवढी मंडळी उभी आहे, तें आठवावें.